न दिसता पाहणे : हातातील रात्रदर्शक आणि निशाचर वन्यजीवांच्या निरीक्षणाचा इतिहास

प्रास्ताविक

वन्यजीवांच्या अभ्यासाचा इतिहास दीर्घकाळ दिवसाचा इतिहास राहिला. निरीक्षक उजेडात पाहतो, म्हणून प्राण्याचे जे वर्तन उजेडात घडते तेच त्याच्या नोंदवहीत उतरते. प्रत्यक्षात सस्तन प्राण्यांपैकी मोठ्या संख्येचे जीवन सूर्यास्तानंतर सुरू होते. तरस, साळिंदर, उदमांजर, वटवाघूळ, लाजवंती ही तर उघडच निशाचर मंडळी. पण बिबट्या, अस्वल आणि वाघ यांचेही बरेचसे हिंडणे-फिरणे रात्रीच होते. या मोठ्या भागाविषयी माणसाला जे ज्ञान होते ते बहुधा अप्रत्यक्ष होते. सकाळी दिसणारे पाऊल, झाडावरचे ओरखडे, विष्ठा, अर्धवट खाल्लेले भक्ष्य आणि रात्रभर कानी पडलेले आवाज यांवरून रात्रीची हकीकत जुळवावी लागे.

विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात हातात धरून पाहता येईल असे रात्रदर्शक यंत्र अभ्यासकांपर्यंत पोहोचले. बाजारात ते ‘नाइट व्हिजन’ या नावाने ओळखले जाते. या यंत्राने वन्यजीव अभ्यासात नेमके काय बदलले, ते कोणत्या परंपरेतून आले आणि त्याच्या वापरातून कोणते प्रश्न निर्माण झाले, याचा ऐतिहासिक आढावा प्रस्तुत निबंधात घेतला आहे. निबंधाचे मुख्य प्रतिपादन असे की, रात्र पाहण्याचे बहुतेक प्रत्येक साधन शिकारीतून किंवा युद्धातून आले. प्रत्येक साधनाने रात्रीचा काही भाग दाखवला आणि दाखवताना काही भाग बदललाही. रात्रदर्शकाचे वेगळेपण ‘प्रकाश न टाकता पाहणे’ या एका गोष्टीत आहे. त्याचे महत्त्व तेथेच आहे आणि त्यातून येणारी जबाबदारीही तेथेच आहे.

चांदणे, मचाण आणि पाणवठा

रात्री प्राणी पाहण्याची सर्वांत जुनी रीत म्हणजे चांदण्यात पाणवठ्याजवळ दबा धरून बसणे. मचाण ही मुळात शिकाऱ्याची सोय. बांधलेल्या जनावरावर किंवा आधीच्या भक्ष्यावर वाघ परत येईल, या अपेक्षेने शिकारी झाडावर बसे. निरीक्षणाने ही सोय तशीच उचलली. फक्त बंदुकीच्या जागी वही आली.

महाराष्ट्रात या परंपरेचे सर्वपरिचित रूप म्हणजे बुद्धपौर्णिमेच्या रात्री होणारी पाणवठ्यावरील प्राणिगणना. मेळघाट, ताडोबा, पेंच आणि इतर अभयारण्यांत वनकर्मचारी व निसर्गप्रेमी या रात्री मचाणावर बसून येणाऱ्या प्राण्यांची नोंद करीत आले आहेत. वैशाख पौर्णिमेची निवड विचारपूर्वक झालेली आहे. या दिवसांत जंगलातील बहुतेक ओढे-नाले आटलेले असतात, त्यामुळे प्राणी मोजक्या पाणवठ्यांवर एकवटतात. पानगळ झाल्याने नजर लांबवर जाते. शिवाय पौर्णिमेचा चंद्र सूर्यास्ताच्या सुमारास उगवून सूर्योदयाच्या सुमारास मावळत असल्याने रात्रभर उजेड मिळतो.

हा उजेड मात्र फार थोडा असतो. स्वच्छ दुपारी जमिनीवर सुमारे एक लाख लक्स प्रकाश पडतो. पौर्णिमेच्या चांदण्यात तो पाव लक्स किंवा त्याहूनही कमी भरतो, आणि चंद्र नसलेल्या निरभ्र रात्री निव्वळ ताऱ्यांचा प्रकाश एका लक्सच्या हजाराव्या भागाच्या आसपास असतो. माणसाच्या डोळ्याला अंधाराला सरावण्यास सुमारे अर्धा तास लागतो, आणि सरावल्यानंतरही चांदण्यात त्याला आकार कळतो, रंग व बारकावे कळत नाहीत. वाघ-बिबट्यासारख्या प्राण्यांच्या डोळ्यांत दृष्टिपटलामागे प्रकाश परावर्तित करणारा थर असतो. दृष्टिपटलातून निसटलेला प्रकाश त्यामुळे पुन्हा उपयोगात येतो. विजेरीच्या झोतात त्यांचे डोळे चमकतात ते याच थरामुळे. अर्थात मचाणावरचा माणूस आणि खालून जाणारा प्राणी यांच्यातील सामना दृष्टीच्या बाबतीत कधीच बरोबरीचा नव्हता.

चांदण्यातील निरीक्षणाला आणखी एक मर्यादा आहे आणि ती पद्धतीच्या मुळाशी जाते. चांदणे हा केवळ निरीक्षकाचा दिवा नसतो. प्राण्यालाही ते दिसते. शिकार होण्याचा धोका असलेले अनेक छोटे निशाचर प्राणी लख्ख चांदण्यात हालचाल कमी करतात, तर दृष्टीवर विसंबणाऱ्या काही प्राण्यांची हालचाल वाढते. लॉरा प्रू आणि ख्रिस्तोफर गोल्डन यांनी २०१४ साली ५९ निशाचर सस्तन प्रजातींवरील अभ्यास एकत्र तपासून प्रजातीप्रजातींतील हा फरक दाखवून दिला. म्हणजे पौर्णिमेची रात्र ही वर्षातील सर्वसाधारण रात्र नव्हे. त्या रात्री जे दिसते ते खरे असते, पण त्यावरून अमावास्येच्या रात्रीविषयी अनुमान काढता येत नाही. पाणवठ्यावरील गणना लोकसहभागाचा आणि निसर्गशिक्षणाचा मोलाचा उपक्रम आहे. प्राण्यांच्या संख्येचा शास्त्रीय अंदाज म्हणून तिच्यावर विसंबता येत नाही, याचे एक कारण येथे आहे.

उजेड घेऊन जाणारे निरीक्षक

चांदण्यावर अवलंबून राहायचे नसेल तर स्वतःचा उजेड न्यावा लागे. हा मार्गही शिकाऱ्यांनीच आखला होता. उत्तर अमेरिकेतील सरोवरांच्या प्रदेशात होडीच्या नाळेवर जाळ पेटवून काठावरच्या हरणांना दिपवून टाकण्याची रीत होती. जॉर्ज शायरस या वकिलाने ही रीत उचलली आणि बंदुकीऐवजी कॅमेरा लावला. मॅग्नेशियमच्या भुकटीचा स्फोट घडवून क्षणभर प्रखर प्रकाश पाडायचा आणि त्या क्षणी चित्र टिपायचे, अशी त्याची पद्धत होती. त्याची ७४ छायाचित्रे ‘नॅशनल जिऑग्राफिक’ मासिकाच्या जुलै १९०६च्या अंकात प्रसिद्ध झाली. रात्रीचे वन्यजीवन हजारो वाचकांनी प्रथमच चित्ररूपात पाहिले. हाच शायरस अमेरिकी काँग्रेसचा सदस्य असताना १९०४ साली स्थलांतरित पक्ष्यांच्या संरक्षणाचे विधेयक मांडणारा होता, ही बाब लक्षात घेण्याजोगी आहे. शिकारीचे तंत्र आणि संरक्षणाचा विचार एकाच व्यक्तीत एकत्र आलेले दिसतात.

भारतात हे काम एफ. डब्ल्यू. चॅम्पियन या वनाधिकाऱ्याने केले. संयुक्त प्रांतातील शिवालिक आणि तराईच्या जंगलांत त्याने वाटेवर बारीक तार ताणून कॅमेरा व प्रकाशयोजना जोडली. वाघाचा पाय तारेला लागला की प्रकाश पडे आणि वाघ स्वतःचेच छायाचित्र काढी. १९२७ साली प्रसिद्ध झालेल्या त्याच्या पुस्तकातील चित्रांनी बंदुकीशिवायही वाघ ‘मिळवता’ येतो हे दाखवून दिले. आजच्या कॅमेरा सापळ्याचा हा एक पूर्वज होय.

दोन्ही पद्धतींत एक अडचण समान होती. प्रकाशाचा झोत पडताच प्राणी सावध होई. चित्र मिळे, पण ते वर्तनाच्या खंडित क्षणाचे चित्र असे. प्राणी त्याआधी काय करीत होता आणि त्यानंतर त्याने काय केले असते, हे झोताने कळत नसे. दिपवणाऱ्या प्रकाशानंतर प्राण्याची अंधारातील दृष्टी काही काळ मंदावते, हा त्याला होणारा वेगळाच उपद्रव.

कृत्रिम प्रकाशाचे सामर्थ्य कायद्यानेही ओळखले होते. वन्यजीव (संरक्षण) अधिनियम, १९७२ मूळ स्वरूपात संमत झाला तेव्हा परवान्याने होणाऱ्या शिकारीची तरतूद त्यात होती. त्याच्या १७व्या कलमाने परवानाधारकालाही सूर्यास्त ते सूर्योदय या काळातील शिकार, शिकारीसाठी कृत्रिम प्रकाशाचा वापर आणि पाणवठ्यावरील शिकार या गोष्टी मोजके अपवाद वगळता निषिद्ध केल्या होत्या. पुढे १९९१च्या दुरुस्तीने शिकारीच्या परवान्यांशी संबंधित ती कलमेच वगळण्यात आली. रात्र, उजेड आणि पाणवठा या तिन्हींच्या आधारे प्राण्यावर अन्याय्य मात करता येते, हे कायदा जाणत होता. निरीक्षकाची साधनेही हीच तीन होती, हे विसरून चालणार नाही.

दिवसाच्या निरीक्षणाने केलेली फसगत

रात्र न पाहिल्याने ज्ञान केवळ अपुरे राहते असे नाही. ते चुकीचेही होऊ शकते. याचे ठळक उदाहरण पूर्व आफ्रिकेतील तरसाचे आहे. सकाळी सिंह भक्ष्य खात बसलेले आणि तरसांचा कळप भोवती ताटकळत असलेला, हे दृश्य पाहून तरस म्हणजे सिंहाच्या उष्ट्यावर जगणारा प्राणी अशी समजूत दृढ झाली होती. हान्स क्रूक यांनी १९६०च्या दशकात सेरेंगेटी आणि गोरोंगोरो येथे रात्रीच्या रात्री, विशेषतः चांदण्यात, वाहनातून ठिपकेदार तरसांचा पाठलाग केला. त्यांचे निष्कर्ष १९७२च्या ग्रंथात आले. ठिपकेदार तरस स्वतः कुशल शिकारी असून आपले बरेचसे अन्न तो स्वतः मारून मिळवतो, हे त्यांनी दाखवले. गोरोंगोरोत तर अनेकदा तरसांनी रात्री केलेली शिकार सिंह बळकावीत, आणि सकाळी येणाऱ्या निरीक्षकाला फक्त या नाट्याचा शेवटचा अंक दिसे. एका प्राण्याची पिढ्यान्‌पिढ्यांची बदनामी ही निरीक्षणाच्या वेळेचा परिणाम होती.

प्राण्याला न बिचकवता पाहण्याचा एक सोपा उपाय ब्रिटनमध्ये अर्नेस्ट नील यांनी वापरला. बॅजर या बिळात राहणाऱ्या निशाचर प्राण्याचे निरीक्षण करताना त्यांनी लाल प्रकाशाचा उपयोग केला. बहुतेक निशाचर सस्तन प्राण्यांच्या डोळ्यांत मंद प्रकाश टिपणाऱ्या पेशींचे प्राबल्य असते आणि या पेशी तांबड्या प्रकाशाला फारसा प्रतिसाद देत नाहीत. विजेरीवर लाल कागद चढवण्याची ही रीत स्वस्त, सुटसुटीत आणि आजही उपयोगी आहे. तमिळनाडूतील दिंडिगुल परिसरात १९९७-९८ मध्ये ॲना नेकारिस यांनी लाजवंतीचा जो सविस्तर अभ्यास केला, त्यातही डोक्यावर बांधलेल्या लाल प्रकाशाच्या दिव्याचा आधार होता. मात्र लाल दिव्याचा पल्ला मर्यादित असतो, आणि उघड्या माळावर दूरचा प्राणी त्याने दिसत नाही.

रणांगणावरून आलेली नळी

लाल प्रकाशाच्याही पलीकडे, डोळ्याला न दिसणाऱ्या अवरक्त किरणांत पाहण्याची कल्पना प्रयोगशाळेत १९३०च्या दशकात साकार झाली. नेदरलँड्समधील फिलिप्स कंपनीच्या प्रयोगशाळेत गिलेस होल्स्ट आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९३४ साली अवरक्त प्रतिमेचे दृश्य प्रतिमेत रूपांतर करणारी नळी तयार केली. तत्त्व साधे होते. विशिष्ट धातूंच्या लेपावर प्रकाश पडला की त्यातून इलेक्ट्रॉन बाहेर पडतात. उच्च विद्युत्‌दाबाने त्यांना वेग द्यायचा आणि स्फुरक पडद्यावर आदळवायचे. पडदा उजळतो आणि मूळ दृश्याची प्रतिमा उमटते.

दुसऱ्या महायुद्धाने या नळीला शस्त्राचे रूप दिले. जर्मन सैन्याने ती रणगाड्यांवर आणि रायफलींवर बसवली. अमेरिकी सैनिकांनी १९४५ साली ओकिनावाच्या लढाईत अवरक्त दुर्बिणीच्या रायफली वापरल्या. या पिढीच्या यंत्रांना सोबत अवरक्त दिवा आणि जड बॅटरी लागे. शत्रूकडे तसेच यंत्र असेल तर त्याला हा दिवा लख्ख दिसे. त्यामुळे दिव्याशिवाय चालणाऱ्या यंत्राचा शोध सुरू झाला.

तो शोध १९६०च्या दशकात फळास आला. अधिक संवेदनशील लेप आणि एकामागे एक जोडलेल्या तीन नळ्या यांमुळे ताऱ्यांचा क्षीण प्रकाश हजारो पटींनी वाढवता येऊ लागला. व्हिएतनाम युद्धात अमेरिकी सैन्याने वापरलेली ‘स्टारलाइट’ दुर्बीण या पहिल्या पिढीची होय; तिचे वजन सुमारे पावणेतीन किलो होते. दुसऱ्या पिढीत १९७०च्या दशकात सूक्ष्मवाहिनी चकती आली. काचेच्या पातळ चकतीतील लक्षावधी सूक्ष्म छिद्रांतून जाताना इलेक्ट्रॉन भिंतींवर आदळतात आणि प्रत्येक आघातात नवे इलेक्ट्रॉन सुटतात. त्यामुळे एकाच छोट्या नळीत पुरेसे वर्धन शक्य झाले आणि यंत्र खऱ्या अर्थाने हातात मावू लागले. गॅलियम आर्सेनाइडचा लेप वापरणारी तिसरी पिढी त्यानंतरची. पडद्याचा परिचित हिरवा रंग हा सोयीचा भाग होता, कारण माणसाचा डोळा हिरव्या रंगाच्या छटा सर्वाधिक बारकाईने ओळखतो.

सामान्य अभ्यासकाच्या हाती हे यंत्र येण्यास राजकीय घडामोड कारणीभूत ठरली. १९९१ साली सोव्हिएत संघ विसर्जित झाल्यानंतर रशिया व बेलारूसमधील कारखान्यांत बनलेली पहिल्या पिढीची स्वस्त रात्रदर्शक यंत्रे पाश्चात्त्य बाजारात मोठ्या प्रमाणावर आली. प्रगत पिढ्यांच्या यंत्रांवर मात्र निर्यातनियंत्रण राहिले. पुढे अवरक्त किरण टिपणाऱ्या डिजिटल संवेदकांची यंत्रे आली, आणि पाठोपाठ प्राण्याच्या शरीराची उष्णता टिपणारे औष्णिक दर्शकही परवडण्याजोगे झाले. या दोहोंतील भेद महत्त्वाचा आहे. प्रतिमावर्धक यंत्राला थोडा तरी प्रकाश लागतो आणि ते परावर्तित प्रकाशाचे चित्र दाखवते; औष्णिक यंत्राला प्रकाशाची गरज नसते, पण ते तापमानातील फरकाचे चित्र दाखवते. पहिल्याने प्राणी ओळखता येतो, दुसऱ्याने तो शोधता येतो.

अभ्यासाच्या क्षेत्रातील उपयोग

रात्रदर्शक साधनांनी प्राण्यांच्या सामाजिक जीवनाविषयीच्या समजुती बदलल्या. ऑक्सफर्डच्या परिसरात १९७०च्या दशकात हान्स क्रूक यांनी बॅजरचा आणि डेव्हिड मॅकडोनल्ड यांनी लाल कोल्ह्याचा अभ्यास केला, त्यात अवरक्त दुर्बिणी वापरल्या गेल्या. एकेकटे अन्न शोधणारे बॅजर प्रत्यक्षात समूहाने सामाईक प्रदेश राखतात, आणि एकलकोंडा मानलेला कोल्हा कुटुंबगटात राहतो, त्यात स्वतः प्रजनन न करणाऱ्या माद्याही असतात, अशा गोष्टी या अभ्यासांतून पुढे आल्या. अशी नाती पाऊलखुणांवरून कळत नाहीत. कोण कोणाला वाट देतो, कोण कोणापुढे नमते, हे पाहावेच लागते.

संख्येच्या बाबतीत औष्णिक यंत्राने केलेली दुरुस्ती याहून धक्कादायक आहे. अमेरिकेच्या नैर्ऋत्य भागातील सहा मोठ्या गुहांतील वटवाघळांची संख्या १९५७च्या अंदाजानुसार सुमारे ५ कोटी ४० लाख होती. मार्ग्रिट बेट्के आणि सहकाऱ्यांनी औष्णिक चित्रण व संगणकीय मोजणीच्या आधारे केलेल्या, २००८ साली प्रसिद्ध झालेल्या गणनेत ती सुमारे ४० लाख भरली. या तफावतीतील किती भाग प्रत्यक्ष घट आणि किती भाग जुन्या अंदाजाची अतिशयोक्ती, हे वेगळे करणे कठीण आहे. पण डोळ्याने केलेल्या अंदाजावर किती विसंबावे, याचा धडा स्पष्ट आहे.

हातातील यंत्राच्या वापराची स्वतःची शिस्त आहे. एका डोळ्याने पाहावयाच्या यंत्रात खोलीचा अंदाज येत नाही; नाला आणि सपाट जमीन सारखीच दिसतात, म्हणून यंत्र डोळ्याला लावून चालणे धोक्याचे असते. यंत्रातून पाहणाऱ्या डोळ्याचा अंधाराचा सराव मोडतो, त्यामुळे दुसरा डोळा राखून ठेवावा लागतो. पहिल्या पिढीच्या नळीवर वाहनाचा झोत पडला तर प्रतिमा विरघळून जाते. हिरव्या चित्रात रंग नसतो आणि दूरच्या प्राण्याचे बारीक तपशील हरवतात, म्हणून ओळख अंगलट, चाल आणि वर्तन यांवरून करावी लागते. सोबत अवरक्त दिवा लावला तर पल्ला वाढतो, परंतु हा दिवा सर्वस्वी अदृश्य असतो असे समजणे चुकीचे आहे. पॉल मीक आणि सहकाऱ्यांनी २०१४ साली दाखवले की कॅमेरा सापळ्यांचा अवरक्त प्रकाश व आवाज अनेक प्राण्यांना जाणवू शकतात. ‘न दिसता पाहणे’ हे यंत्राचे वैशिष्ट्य त्यामुळे दिवा बंद असतानाच पूर्णपणे खरे ठरते.

कॅमेरा सापळा आणि माणसाचा डोळा

भारतात व्याघ्रगणनेची पद्धत बदलली ती हातातील यंत्रामुळे नव्हे, तर कॅमेरा सापळ्यामुळे. १९७२च्या पहिल्या देशव्यापी गणनेत १,८२७ वाघ असल्याचे सांगितले गेले. तिची मदार सरोज राज चौधरी यांनी विकसित केलेल्या पाऊलठशांच्या पद्धतीवर होती. रात्री उमटलेला मजकूर सकाळी वाचण्याचाच तो प्रकार होता. उल्हास कारंथ यांनी १९९५ साली नागरहोळे येथील अभ्यासाच्या आधारे वाघांच्या अंगावरील पट्ट्यांवरून, छायाचित्रांतून संख्येचा अंदाज बांधण्याची पद्धत मांडली. सरिस्का येथील वाघ नाहीसे झाल्याचे २००५ साली उघड झाल्यानंतर जुन्या पद्धतीवरील विश्वास ढासळला. नव्या पद्धतीने २००६ साली केलेल्या अंदाजात, जो २००८ मध्ये प्रसिद्ध झाला, वाघांची संख्या १,४११ आली.

कॅमेरा सापळ्याचे सामर्थ्य वादातीत आहे. तो झोपत नाही, कंटाळत नाही आणि पुरावा मागे ठेवतो. महाराष्ट्रातील अकोले परिसरात विद्या अत्रेय आणि सहकाऱ्यांनी कॅमेरा सापळ्यांच्या साहाय्याने केलेल्या अभ्यासात, जो २०१३ साली प्रसिद्ध झाला, दाट मानवी वस्तीच्या शेतीप्रदेशात दर १०० चौरस किलोमीटरला सुमारे ४.८ बिबटे आणि ५ तरस असल्याचे आढळले. उसाच्या फडालगत झोपणाऱ्या गावाला आपल्या शेजाऱ्याची अशी मोजदाद प्रथमच मिळाली.

तरीही सापळा आणि हातातील दर्शक एकमेकांची जागा घेऊ शकत नाहीत. सापळा एका ठिकाणी एका क्षणाला काय होते ते सांगतो; दर्शक एका प्राण्याचा सलग प्रसंग दाखवतो. बिबट्या वस्तीच्या कडेला येऊन थबकतो, कुत्र्याचे भुंकणे ऐकून वळसा घालतो, माणूस दाराबाहेर येताच बसून राहतो, हे ‘थबकणे’ आणि ‘वळसा घालणे’ सलग पाहिल्याशिवाय कळत नाही. संघर्ष टाळण्यासाठी नेमक्या याच ज्ञानाची गरज असते. वनकर्मचाऱ्यांच्या पिढ्यांनी मचाणावर जे कमावले ते संख्याज्ञान नव्हते, वर्तनज्ञान होते. सगळी रात्र संगणकातील चित्रांवर सोपवली तर ही दुसरी परंपरा क्षीण होण्याचा धोका आहे.

अंधार कोणाचा?

येथे इतिहासातून एक नैतिक प्रश्न उभा राहतो. केटलिन गेनर आणि सहकाऱ्यांनी २०१८ साली सहा खंडांतील ६२ सस्तन प्रजातींवरील ७६ अभ्यास एकत्र तपासले. माणसाचा वावर वाढतो तेथे प्राण्यांची रात्रीची हालचाल सरासरी १.३६ पटीने वाढते, असा त्यांचा निष्कर्ष आहे. नेपाळमधील चितवन येथे नील कार्टर आणि सहकाऱ्यांनी २०१२ साली दाखवले की वाघ आणि माणसे त्याच वाटा वापरतात, पण वाघांनी आपली वेळ रात्रीकडे सरकवली आहे. जागा वाटून घेणे शक्य नसेल तेथे प्राणी वेळ वाटून घेतात. याचा अर्थ असा की, जमिनीवरचे आश्रय आक्रसत असताना अंधार हा वन्यप्राण्यांचा उरलेला आश्रय बनत आहे.

रात्रदर्शक नेमका या आश्रयात डोकावतो. अभ्यासकाच्या हाती तो अंधार न मोडता पाहण्याचे साधन आहे. चोरट्या शिकाऱ्याच्या हाती तेच यंत्र प्राण्याचा अखेरचा आडोसा काढून घेते, आणि तेव्हा ते आपल्या मूळ लष्करी स्वभावाकडे परतते. हौशी पर्यटकाच्या हाती त्याने प्राण्याला इजा होत नाही, परंतु रात्रीही जंगलात माणसाची वर्दळ वाढली तर प्राण्याने सरकायचे कोठे, हा प्रश्न उरतो. दिवसाकडून रात्रीकडे सरकता येते. रात्रीनंतर सरकण्यास जागा नाही. १९७२च्या कायद्याने शिकाऱ्याला रात्र आणि कृत्रिम उजेड नाकारले, त्यामागे प्राण्याला काही सवलत असावी हा विचार होता. डोळ्याला न दिसणारा प्रकाश आणि प्रकाशाविना पाहणारी यंत्रे त्या काळी कायदेकर्त्यांच्या डोळ्यांसमोर असण्याचे कारण नव्हते. आता मात्र त्याच विचाराची पुनर्मांडणी निरीक्षक, संशोधक आणि पर्यटक यांच्यासाठी करावी लागेल.

समारोप

वरील विवेचनातून तीन निष्कर्ष निघतात. पहिला, निशाचर प्राण्यांविषयीचे ज्ञान हे निरीक्षणाच्या साधनांचे अपत्य आहे. साधन बदलले की ज्ञानही बदलते, हे तरस, कोल्हा आणि वटवाघूळ यांच्या उदाहरणांवरून दिसते. म्हणून महाविद्यालयीन क्षेत्रभेटींत आणि प्रकल्पांत नोंद करताना ‘काय दिसले’ यासोबत ‘कोणत्या उजेडात, कोणत्या साधनाने, चंद्राच्या कोणत्या तिथीला दिसले’ हेही नोंदवले गेले पाहिजे. दुसरा, लाल विजेरी, रात्रदर्शक, औष्णिक यंत्र आणि कॅमेरा सापळा ही साधने परस्परांना पूरक आहेत. महागडे यंत्र नसल्याने रात्रीचा अभ्यास अडून राहत नाही, आणि यंत्र असल्याने तो आपोआप शास्त्रीयही होत नाही. तिसरा, न दिसता पाहण्याचे सामर्थ्य ज्याला मिळाले त्याने कोठे, किती वेळ आणि कशासाठी पाहायचे याचे बंधन स्वतःवर घालून घेणे आवश्यक आहे. प्राण्याला पाहणारा दिसत नसल्यामुळे तो स्वतःहून दूर जाऊ शकत नाही. अंतर राखण्याचे काम अशा वेळी पाहणाऱ्याचेच असते.